ग्रेट बेअर सरोवर: एवढं अवाढव्य, तरी एवढं नाजूक का?

भारत आणि कॅनडा यांच्यात युरेनियमच्या खरेदीची बोलणी निघाली की बातम्यांत कॅमेको हे नाव हमखास येतं. २०१५ साली पंतप्रधान मोदी कॅनडाच्या दौऱ्यावर होते, तेव्हा याच कंपनीने भारताच्या अणुभट्ट्यांना २०२० पर्यंत युरेनियम पुरवण्याचा करार केला होता. ते युरेनियम सस्कॅचेवन प्रांतातल्या खाणींमधलं. पण कॅमेकोची वंशावळ मागे मागे शोधत गेलं तर आपण भलतीकडेच पोहोचतो. १९८८ मध्ये दोन सरकारी कंपन्या एकत्र करून ती उभी राहिली. त्यांपैकी एक होती एल्डोराडो. या एल्डोराडोचं नशीब उघडलं ते आर्क्टिक वृत्तावर पसरलेल्या एका सरोवराच्या काठी. तिथे आजही बारमाही रस्ता नाही. काठावर गाव आहे ते एकच, पाचशे-सहाशे वस्तीचं.

ते ग्रेट बेअर सरोवर. स्पर्धा परीक्षेच्या पुस्तकांत ते 'जगातील मोठी सरोवरे' या तक्त्यात एका ओळीपुरतं येतं आणि विसरलं जातं. त्या एका ओळीमागे बर्फयुग, एकाच पाण्यात चार रूपं घेणारा मासा, हॉकीवरून चालणारं एक भांडण आणि अणुबॉम्ब एवढं सगळं आहे. ते ओळीने पाहू.

आहे तरी कुठे?

कॅनडाच्या नकाशात वरच्या बाजूला, अलास्का आणि युकॉनच्या पूर्वेला नॉर्थवेस्ट टेरिटरीज हा प्रदेश आहे. क्षेत्रफळ भारताच्या जवळपास दोन-पंचमांश आणि लोकसंख्या चाळीस हजारांच्या थोडी वर. म्हणजे आपल्याकडच्या एखाद्या तालुक्याच्या गावाएवढी माणसं तेवढ्या मुलखात पसरलेली. या प्रदेशाच्या वायव्य भागात हे सरोवर आहे. आर्क्टिक वृत्त त्याच्या उत्तरेकडच्या भागावरून जातं.

क्षेत्रफळ सुमारे ३१ हजार चौरस किलोमीटर. पुणे, सांगली आणि कोल्हापूर हे तीन जिल्हे एकत्र केले तर साधारण तेवढं भरेल. कॅस्पियन समुद्र धरून मोजलं तर जगात आठवं. सुपीरियर आणि ह्युरॉन ही सरोवरं याच्याहून मोठी, पण ती कॅनडा आणि अमेरिका यांच्यात वाटलेली. पूर्णपणे कॅनडात असलेल्या सरोवरांत हेच सर्वांत मोठं. सर्वाधिक खोली ४४६ मीटर. पाण्याची पातळी समुद्रसपाटीपासून फक्त १५६ मीटर उंच असल्यामुळे त्याचा सर्वांत खोल तळ समुद्रसपाटीच्याही जवळपास २९० मीटर खाली जातो.

आकार वेडावाकडा आहे. मध्यापासून पाच लांब फाटे पाच दिशांना गेलेत. पूर्वेकडच्या फाट्यांचे काठ कॅनेडियन शील्डच्या अतिप्राचीन, टणक खडकाचे, उभे आणि कातळी. पश्चिमेला मऊ गाळखडकाची सपाट जमीन. दोन वेगळ्या भूप्रदेशांच्या सांध्यावरच सरोवर बसलंय. आधीपासून असलेल्या दऱ्या बर्फयुगातल्या हिमनद्यांनी खरवडून खोल केल्या. बर्फ वितळायला लागला तेव्हा या भागात मॅकॉनेल नावाचं एक प्रचंड हिमजन्य सरोवर तयार झालं होतं. ते आटत गेलं आणि त्याचे तीन मोठे तुकडे उरले: अथाबास्का, ग्रेट स्लेव्ह आणि सर्वांत उत्तरेचं ग्रेट बेअर. म्हणजे भूशास्त्राच्या हिशेबात हे सरोवर अगदी तरुण आहे. दहा हजार वर्षंही त्याला आजच्या रूपात झालेली नाहीत.

पाणी येतं किती, जातं किती?

हा भाग जरा लक्ष देऊन वाचा, कारण पुढचं सगळं यावर उभं आहे.

सरोवरात सुमारे २,२३६ घन किलोमीटर पाणी आहे. कोयनेचा शिवसागर पूर्ण भरला की त्यात तीन घन किलोमीटरच्या आसपास पाणी मावतं. म्हणजे इथे साडेसातशे कोयना. पण या साठ्यात दरवर्षी नव्याने येणारं पाणी फार थोडं आहे. हवा थंड आणि कोरडी, पाऊस आणि बर्फ दोन्ही बेताचेच. पाणलोट क्षेत्रही सरोवराच्या चौपटीहून कमी. पाणी बाहेर जायची वाट एकच: पश्चिमेच्या टोकाला निघणारी ग्रेट बेअर नदी. ती सुमारे ११३ किलोमीटर वाहून तुलिता गावाजवळ मॅकेंझी नदीला मिळते. मॅकेंझी ते पाणी आर्क्टिक महासागराला नेते.

इमारतीच्या गच्चीवर प्रचंड टाकी आहे, वरून करंगळीएवढी धार पडतेय आणि खालच्या नळातून तेवढीच बारीक धार जातेय, असं समजा. टाकी कायम भरलेली दिसेल. पण आतलं पाणी एकदा पूर्ण बदलायला किती काळ लागेल? जलशास्त्रज्ञ या काळाला निवासकाल म्हणतात. ग्रेट बेअरचा निवासकाल सुमारे १२४ वर्षांचा आहे. आज त्यात पडलेली एखादी गोष्ट, पाण्याबरोबर विरघळून वाहणारी असेल तर, बाहेर पडायला सरासरीने चार पिढ्या घेते. तळाशी बसणारी असेल तर ती जातच नाही.

चार अंशांचं कोडं

पाण्याला एक विचित्र खोड आहे. ते सर्वांत जड असतं ४ अंश सेल्सिअसला. त्याहून गरम झालं की हलकं होतं आणि त्याहून थंड झालं तरी हलकंच होतं. म्हणून बर्फ तळाशी न बसता वर तरंगतो आणि त्याच्याखाली मासे जगतात.

समशीतोष्ण प्रदेशातल्या बहुतेक खोल सरोवरांत उन्हाळ्यात वर ऊबदार पाण्याचा हलका थर तयार होतो आणि खाली थंड, जड पाणी अडकून पडतं. ग्रेट बेअरच्या मध्यभागात हे फारसं घडतच नाही. साधारण नोव्हेंबरअखेर गोठायला लागलेलं सरोवर पूर्णपणे मोकळं व्हायला जुलै उजाडतो. मग जेमतेम तीन-चार महिने उघडं पाणी. तेवढ्यात मधल्या विस्ताराचा पृष्ठभाग चार-पाच अंशांच्या पुढे क्वचितच जातो. उथळ खाड्या तेवढ्या तापतात. त्यामुळे वरचं आणि खालचं पाणी सारख्याच वजनाचं राहतं आणि वारा ते ढवळत राहतो. प्राणवायू पार तळापर्यंत जातो.

ही चांगली बातमी. वाईट बातमी अशी की काठच्या गोठलेल्या जमिनीतून आणि कठीण खडकांतून पोषक द्रव्यं फार कमी येतात. शेवाळ आणि सूक्ष्म जीव फारसे वाढत नाहीत. पाणी इतकं नितळ आहे ते त्यामुळेच. १८२५-२७ च्या फ्रँकलिन मोहिमेतल्या डॉक्टर-निसर्गशास्त्रज्ञ जॉन रिचर्डसनने पांढरं फडकं पाण्यात सोडून पाहिलं. ते दिसेनासं व्हायला पंधरा फॅदम, म्हणजे सुमारे २७ मीटर खोल जावं लागलं. नितळ पाणी म्हणजे समृद्ध पाणी असं आपण सहज धरून चालतो. सरोवरांच्या बाबतीत बहुधा उलटं असतं. नितळ म्हणजे उपाशी.

एवढं पाणी, मग मासेही तेवढेच असतील ना?

नाहीत. माशांच्या जाती मोजून दीडेक डझन आहेत. खुल्या पाण्यात प्रामुख्याने लेक ट्राउट, व्हाइटफिश आणि सिस्को. खाड्यांत आणि नद्यांच्या तोंडाशी आर्क्टिक ग्रेलिंग, पाइक, बर्बट. तळाशी काटेरी डोक्याचे लहान स्कल्पिन मासे. त्यांच्या जोडीला मायसिस नावाचा जवळ्याच्या जातकुळीतला वाटावा असा एक छोटा, पारदर्शक जीव. तो बर्फयुगापासून या थंड पाण्यांत टिकून राहिलाय. लहान माशांचं बरंचसं पोट त्याच्यावर चालतं.

आता 'जगातला सर्वांत मोठा लेक ट्राउट गळाला लागला तो इथेच' हे वाक्य मासेमारीच्या जाहिरातींत दिसेल. ते खरं आहे: १९९५ मध्ये इथे ७२ पौंडांचा, म्हणजे साडेबत्तीस किलोंहून जास्त वजनाचा ट्राउट गळाने पकडला गेला, आणि तो अधिकृत विक्रम म्हणून नोंदला गेला. पण तो मासा एवढा मोठा झाला याचं कारण तिथे खायला भरपूर आहे, हे नव्हे. तो भरपूर वर्षं जगला. इथल्या ट्राउटचं वाढणं अतिशय संथ आहे. प्रौढ व्हायलाच दशकाहून जास्त काळ जातो. मादी दरवर्षी अंडी घालतेच असंही नाही. पन्नाशी ओलांडलेले मासे संशोधकांना सापडले आहेत. (माशाचं वय कानातल्या छोट्या हाडासारख्या खड्यावरच्या वलयांवरून मोजतात, झाडाचं खोडावरून मोजतात तसंच.)

म्हणजे पर्यटकाने हौसेने मारलेला एक मोठा ट्राउट हा अर्ध्या शतकाचा साठा असतो. त्याच्या जागी दुसरा तेवढा मासा यायला आणखी अर्धं शतक. दक्षिणेच्या ग्रेट स्लेव्ह सरोवरात १९४५ पासून व्यापारी मासेमारी चालते. ग्रेट बेअरमध्ये ती रुजली नाही. बाजारपेठेपासूनचं अंतर हे एक कारण, पण त्याहून मोठं कारण हे की पाण्याला तेवढं उत्पन्न झेपणारच नव्हतं. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात विमानाने येणाऱ्या हौशी मच्छीमारांसाठी काठावर लॉज उभे राहिले. पुढे मर्यादा घालाव्या लागल्या. आज मोठा मासा फोटो काढून परत पाण्यात सोडायची रीत आहे.

एकच मासा, चार चेहरे

जीवशास्त्रज्ञांना या सरोवराचं वेड लागलं ते मात्र माशाच्या वजनामुळे नाही.

इतर मोठ्या सरोवरांतही लेक ट्राउट वेगवेगळी रूपं घेतो. पण तिथे वाटणी खोलीवरून असते: उथळ पाण्यात सडपातळ मासा, खोल पाण्यात चरबीने फुगलेला. ग्रेट बेअरमध्ये तीस मीटरपर्यंतच्या उथळ पाण्यातच, एकमेकांच्या शेजारी, चार वेगळी रूपं राहतात. अशा रूपाला मॉर्फ म्हणतात: जात तीच, पण अंगाची ठेवण वेगळी. पहिलं रूप मिळेल ते खाणारं. दुसरं मोठ्या जबड्याचं, दुसरे मासे खाणारं. तिसऱ्याचा खालचा जबडा जाड आणि वळलेला, तळाजवळचं वेचून खाण्यासाठी. चौथं खुल्या पाण्यात वरच्या थरात चरणारं.

शंका येईल, मग या चार जातीच म्हणा की. अडचण अशी आहे की त्यांच्या जनुकांमधला फरक अगदी थोडा आहे. डोकं, जबडा, पर यांची मापं स्पष्ट वेगळी, पण रक्ताचं नातं जवळचं. नवी जात बनण्याच्या वाटेवरचा हा पहिला टप्पा असेल, किंवा खाण्याप्रमाणे घडणारं शरीर असेल. संशोधकांत यावर चर्चा चालू आहे. एक गोष्ट मात्र पटण्यासारखी आहे. जिथे खाणाऱ्या इतर जाती मोजक्याच आणि रिकाम्या जागा भरपूर, तिथे एकच जात त्या जागा वाटून घेते. मोठे शिकारी मासे तेवढे वेचून काढले तर नुसती संख्या घटणार नाही, या चौघांपैकी एक रूप कमजोर होईल.

पाण्याचं काळीज

हे सगळं मोजमाप होण्याच्या कितीतरी आधीपासून इथले मूळनिवासी, सहतू डेने लोक, इथे राहतात. त्यांची एक कथा सरोवराच्या व्यवस्थापनाच्या सरकारी आराखड्यातही गेली आहे. डीझ फाट्यावरच्या एका मच्छीमाराचा गळ एका मोठ्या ट्राउटने तोडून नेला. त्या काळी गळ फार मोलाचा. रात्री त्याने बर्बट माशाचं रूप घेतलं आणि तो गळ शोधायला खोल उतरला. सरोवराच्या मधोमध त्याला धडधड ऐकू आली. पाहतो तर तळाशी एक प्रचंड काळीज, आणि सगळ्या जातींचे मासे त्याच्याभोवती तोंड करून त्याची राखण करतायत. डेने त्याला 'तुद्झे' म्हणतात. त्या काळजामुळेच सरोवर आणि आजूबाजूचं सगळं जिवंत आहे, अशी त्यांची धारणा.

२००५ च्या व्यवस्थापन आराखड्याला त्यांनी याच काळजाचं नाव दिलं. शहरी वाचकाला हे भाबडं वाटू शकतं. पण 'मधल्या खोल पाण्याला धक्का लावू नका, सगळं त्याला जोडलेलं आहे' हेच तर १२४ वर्षांच्या निवासकालाचं गणित सांगतं.

फ्रँकलिन आणि हॉकीचं भांडण

गोऱ्या व्यापाऱ्यांनी अठराव्या शतकाच्या अखेरीस इथे फरचं ठाणं टाकलं. १८२५ मध्ये जॉन फ्रँकलिनची दुसरी भूमार्गाची मोहीम हिवाळा काढायला पश्चिम काठावर थांबली आणि त्याच्या नावाने फोर्ट फ्रँकलिन झालं. हा तोच फ्रँकलिन, जो पुढे १८४५ मध्ये दोन जहाजं घेऊन निघाला आणि सगळ्या माणसांसह आर्क्टिकमध्ये नाहीसा झाला. इथून लिहिलेल्या एका पत्रात त्याने आपली माणसं सकाळी बर्फावर हॉकी खेळतात असं नोंदवलंय. तेवढ्या आधारावर गाव स्वतःला आइस हॉकीचं जन्मस्थान म्हणवतं. कॅनडातली आणखी काही गावं हाच मान मागतात, त्यामुळे हा वाद मिटण्याची चिन्हं नाहीत. गावाने १९९० च्या दशकात फ्रँकलिनचं नाव टाकून डेलिने हे आपलं नाव घेतलं.

खडकावरचे गुलाबी डाग

१९०० साली कॅनडाच्या भूगर्भ सर्वेक्षणातला मॅकिंटॉश बेल पूर्व काठाने गेला आणि त्याने अहवालात लिहून ठेवलं की उभ्या कातळांवर कोबाल्टचे गुलाबी आणि तांब्याचे हिरवे डाग दिसतात. तो अहवाल तीस वर्षं पडून राहिला. मग गिल्बर्ट लाबिन नावाच्या खनिजशोधकाने तो वाचला. ज्या भागात कोबाल्ट, तिथे चांदी असण्याची शक्यता, हे त्याला ओंटारिओतल्या खाणींमुळे ठाऊक होतं. १९३० च्या मे महिन्यात तो बर्फावरून शोधत आला. सोबती हिमांधळेपणामुळे डोळे झाकून तंबूत पडलेला, आणि हा एकटा काठाने हिंडतोय. त्याला चांदी मिळालीच, पण सोबत काळा, जड पिचब्लेंडही मिळाला.

पिचब्लेंड म्हणजे युरेनियमचं खनिज. युरेनियमचे अणू आपोआप तुटत राहतात आणि त्या साखळीत मधेच रेडियम तयार होतं. १९३० मध्ये मोल होतं ते रेडियमला. कॅन्सरवरच्या उपचारासाठी त्याला ग्रॅममागे हजारो डॉलर मिळत आणि बाजार बेल्जियमच्या ताब्यातल्या कांगोच्या मुठीत होता. कित्येक टन खनिजातून जेमतेम एक ग्रॅम रेडियम निघायचं. युरेनियम मात्र काच आणि चिनीमातीला रंग द्यायच्या कामाचं, बाकी जवळपास टाकाऊ. एल्डोराडोने पोर्ट रेडियम नावाची खाणवस्ती उभारली आणि पाच हजार किलोमीटर दूर ओंटारिओतल्या पोर्ट होपला शुद्धीकरणाचा कारखाना काढला.

हे खनिज तिथवर जायचं कसं? गोणीत भरून. सरोवरावरून बोटीने, ग्रेट बेअर नदीवरच्या धावत्या पाण्याला वळसा घालून जमिनीवरून, पुन्हा बोटीत, मॅकेंझी, ग्रेट स्लेव्ह, स्लेव्ह नदी, अथाबास्का, आणि मग कुठे रेल्वे. प्रत्येक चढउतारीच्या जागी चाळीस-पंचेचाळीस किलोंची गोणी पाठीवर घेणारे हमाल बरेचसे डेने होते. ते गोण्यांवर बसत, झोपत. रिकाम्या गोण्या घरी तंबूसाठी वापरल्या गेल्याच्या आठवणी म्हातारी माणसं सांगतात. किरणोत्सर्गी पदार्थ हाताळण्याच्या धोक्याबद्दल कॅनडाच्या खाण खात्याने १९३० च्या दशकाच्या सुरुवातीलाच इशारा दिला होता. हमालांना कुणी काही सांगितलं नाही.

१९४० मध्ये खाण बंद पडली. १९४२ मध्ये ती गुपचूप पुन्हा उघडली. आता गिऱ्हाईक होतं अमेरिकेचा अणुबॉम्ब बनवण्याचा गुप्त मॅनहॅटन प्रकल्प आणि माल होता कालपर्यंतचं टाकाऊ युरेनियम. १९४४ मध्ये कॅनडा सरकारने अख्खी कंपनीच ताब्यात घेतली.

म्हणजे हिरोशिमावरचा बॉम्ब इथल्या युरेनियमचा होता?

हे विधान अनेक लेखांत सरसकट केलेलं आढळतं. ते तितकं सरळ नाही. मॅनहॅटन प्रकल्पाला मिळालेल्या युरेनियमचा मोठा वाटा कांगोतल्या शिंकोलोब्वे खाणीचा होता. ग्रेट बेअरचा वाटा त्याहून बराच कमी, उरलेलं अमेरिकेतल्या कोलोरॅडो पठारावरचं. पोर्ट होपच्या कारखान्यात तर कांगोचं खनिजही शुद्ध होत होतं. सगळं एकमेकांत मिसळत गेल्यावर अमुक बॉम्बमध्ये अमुक खाणीचं युरेनियम होतं, असं बोट ठेवून सांगता येत नाही. प्रकल्पाला या सरोवराने कच्चा माल पुरवला, एवढं मात्र निर्विवाद.

डेलिनेच्या लोकांनी या फरकाच्या आड लपायचं नाकारलं. आपल्या पाठीवरून कुठे काय गेलं हे त्यांना दशकांनंतर कळलं. १९४० मध्ये वारलेल्या एहत्सेओ आयाह या द्रष्ट्या म्हाताऱ्याचं एक भाकीतही त्यांच्यात सांगितलं जायचं: काठावरच्या कातळात शिरणारी गोरी माणसं, एक मोठा पक्षी, त्याने टाकलेली वस्तू, आणि आपल्यासारख्याच दिसणाऱ्या माणसांचं जळणं. १९९८ च्या ऑगस्टमध्ये गावातली काही माणसं हिरोशिमाला गेली आणि त्यांनी तिथल्या लोकांकडे दिलगिरी व्यक्त केली. खाण सरकारची, बॉम्ब दुसऱ्या सरकारचा, आणि दिलगीर झाले ते हमालांचे वारस.

आणि कॅन्सरचं काय?

हमाली केलेले कितीतरी पुरुष कॅन्सरने गेले, म्हणून डेलिनेला 'विधवांचं गाव' म्हटलं जाऊ लागलं. गाव आणि केंद्र सरकार यांची संयुक्त समिती १९९९ मध्ये बसली आणि २००५ मध्ये तिचा अहवाल आला. हमालांच्या कॅन्सरचा संबंध त्या खनिजाशी ठामपणे जोडता येत नाही, गावातलं कॅन्सरचं प्रमाण प्रदेशातल्या इतर भागांहून लक्षणीय वेगळं दिसत नाही, असं अहवालाने म्हटलं. गावातल्या अनेकांना ते पटलं नाही.

यात लबाडी होती का? मला वाटतं, इथे संख्याशास्त्राची मर्यादाही समजून घ्यायला हवी. पाचशे-सहाशे वस्तीच्या गावात दोन माणसं जास्त दगावली की प्रमाण एकदम चढतं आणि दोन वाचली की एकदम पडतं. एवढ्या लहान आकड्यांतून 'संबंध सिद्ध झाला नाही' असं निघालं तर त्याचा अर्थ 'संबंध नाही' असा होत नाही. शिवाय त्या काळी हमालांच्या अंगावर किती किरणोत्सर्ग गेला हे कुणी मोजलंच नव्हतं. ते सगळं नंतर अंदाजाने बांधलेलं. याउलट खाणीच्या आत काम करणाऱ्यांची नोंद कंपनीकडे होती, संख्या मोठी होती, आणि तिथे युरेनियमच्या खडकातून निघणाऱ्या किरणोत्सर्गी रेडॉन वायूमुळे फुप्फुसाचा कॅन्सर वाढल्याचं अभ्यासांत स्पष्ट दिसलं. ज्यांची नोंद झाली त्यांचा पुरावा उरला.

एवढ्या पाण्यात थोडा कचरा विरघळून जाणार नाही का?

युरेनियमची खाण १९६० मध्ये बंद झाली. त्याच जागी पुढे १९८२ पर्यंत चांदी काढली गेली. दळून उरलेला लाखो टन गाळ काठावर आणि सरोवरात टाकला गेला. मुख्य सरोवराच्या पाण्याच्या तपासण्यांत काळजीचं कारण सापडलेलं नाही आणि समितीने मासे, कॅरिबूचं (रानटी रेनडिअरचं) मांस खाण्याजोगं ठरवलं. २००७ मध्ये खाणीच्या जागेची डागडुजी झाली. उघडी भुयारं बंद केली, गाळ झाकला, देखरेख सुरू ठेवली.

म्हणजे 'विरघळून जाईल' म्हणणारे बरोबर निघाले? अर्धवट. पाणी प्रचंड असल्याने विरळ होणं खरं आहे. पण गाळ विरघळत नाही, खाणीसमोरच्या तळावर बसून राहतो, आणि त्याच तळावरून तो वळलेल्या जबड्याचा ट्राउट खाणं वेचतो. शिवाय हवेतून दुरून येणारा पारा संथ वाढणाऱ्या, पन्नास वर्षं जगणाऱ्या माशाच्या अंगात साठत जातो, हा उत्तरेकडच्या सगळ्याच सरोवरांचा प्रश्न आहे. लवकर मरणारा मासा तेवढा साठवत नाही.

काठावरचे प्राणी

काठावर मूस, लांडगे, वुल्व्हरीन, ग्रिझली अस्वलं आहेत. कस्तुरीबैल कातड्यासाठी मारून जवळजवळ संपवले होते. १९१७ मध्ये कॅनडाने त्यांच्या शिकारीवर बंदी घातल्यावर ते हळूहळू परतले. पण डेनेंच्या जगण्याचा कणा कॅरिबू हाच. त्यांचा जो कळप हिवाळ्यात सरोवराच्या परिसरात येतो, त्याला 'ब्लूनोज ईस्ट' म्हणतात. २०१० मध्ये तो लाखाच्या वर होता, २०१८ मध्ये वीस हजारांच्या आसपास. कारणांत हवामान, चारा, लांडगे, शिकार यांतलं कशाचं किती, यावर एकमत नाही. डेलिनेने शिकारीचे नियम सरकारकडून लादून घेण्याऐवजी २०१६ मध्ये स्वतःची कॅरिबू योजना तयार केली: किती मारायचे, कोणी, कसं वाटायचं, आणि त्याऐवजी काय खायचं हेसुद्धा.

सहाशे माणसांच्या हाती एवढं सरोवर?

हा आक्षेप कॅनडातही घेतला जातो. उत्तर असं की कायद्याने त्यांचा हक्क आहे. सरकारबरोबरच्या १९२१ च्या अकराव्या करारात बरंच गमावल्यावर सहतू डेने आणि मेती (मूळनिवासी आणि युरोपीय अशा मिश्र वंशाच्या) समाजाने १९९३ मध्ये जमिनीच्या हक्काचा नवा करार मिळवला. पुढे युनेस्कोने २०१६ मध्ये सरोवर आणि त्याचा परिसर 'त्सा तुए' या नावाने जीवावरण राखीव क्षेत्र म्हणून मान्य केला, आणि त्याच वर्षी १ सप्टेंबरला डेलिनेचं स्वतःचं स्वशासन सुरू झालं. ग्रामपंचायत, पारंपरिक प्रमुख, जमिनीचे हक्क सांभाळणारी संस्था, सगळ्यांचे अधिकार तिथे एकाच सरकारात आले.

त्याच वर्षी मार्चमध्ये आणखी एक गोष्ट झाली. हिवाळ्यात गोठलेल्या सरोवरावरून गावापर्यंत ट्रक येतात, वर्षभराचं इंधन आणि जड सामान त्याच वाटेने येतं. इंधनाने भरलेला एक टँकर गावापासून थोड्याच अंतरावर बर्फात रुतून कलला. त्यात तीसेक हजार लिटर इंधन होतं. ते वेळीच उपसून काढलं. सांडलं असतं तर ते गावाच्या पिण्याच्या पाण्यात गेलं असतं.

उत्तरेकडचे हिवाळे ऊबदार होतायत, बर्फाच्या रस्त्याचा हंगाम बेभरवशाचा झालाय. म्हणून मॅकेंझी खोऱ्यात बारमाही महामार्ग हवा ही जुनी मागणी आता जोरात आहे. तो आखणीप्रमाणे झाला तर तुलितावरून जाईल, आणि तिथून डेलिनेला जोडरस्ता काढायचा की नाही हा प्रश्न गावापुढे येईल. रस्ता आला तर दूध, पेट्रोल, विटा स्वस्त होतील आणि टँकर बर्फावरून आणावा लागणार नाही. त्याच रस्त्याने गळ घेऊन आलेल्या गाड्या आणि खनिजाचे नमुने काढणारी यंत्रंही येतील. गावात दोन्ही बाजूंनी बोलणारे आहेत, आणि दोघांचंही म्हणणं चुकीचं नाही. या वेळी निदान होय किंवा नाही म्हणायचा अधिकार त्यांच्याकडे आहे, जो १९३० मध्ये नव्हता.